त्याचं कोणी ऐकलं नाही

अमरावती, पौष वद्य तृतीया, शके १७८४

कचेरीतल्या साहेबाकडून आणलेलं एका वकिलाच्या भाषणांचं पुस्तक वाचत होतो. अमेरिकेतला हा वकील जन्मभर आपल्या लोकांना सांगत राहिला, आपला देश फोडू नका. एक पान तर मी दोनदा वाचलं.

तेवढ्यात मामा कापसाच्या बाजारातून आले. त्यांना वकिलाचं सांगितलं.

"मंग, आयकलं का त्याचं कोनी?"

"नाही. तो मेला. आता तिकडं आपसातच लढाई चालू आहे."

"बरं झालं. आयकलं असतं तं तिकडचाच कापूस इलायतेले गेला असता, आपल्या कापसाले कोन विचारत होतं?"

राग आला.

मग दलालाच्या सवयीनं त्यांनी घरातही उपरण्याखाली माझा हात घेतला आणि बोटं दाबून आजचा भाव सांगितला. कालपेक्षा चढा. ती बोटं अजून जाणवतात.

माझाही कापूस विकायचा आहे. एवढा हंगाम तरी लढाई चालावी, असं मनात येऊन गेलं. पुस्तक मांडीवर उघडंच होतं.