पौष नावाचा ग्रह

९ मे १९३८

खाटेखालची शेगडी पुन्हा भरली. खिडकीला आतून गोधडी ठोकली आहे – चारी कोपऱ्यांना खिळे. बाहेर उन्हाची लू. आत ओव्याची धुरी. मुलगी तीन दिवसांची.

बाळंतिणीने लिहायचं नाही, डोळे जातात. म्हणून वही-पेन्सिल चटईखाली. आई आत येत नाही. सोयर आहे – दहा दिवस आम्हा दोघींना शिवायचं नाही. ती चिमटा घेऊन उंबरठ्यावर उभी राहते, निखारे कमी झाले का बघते. आत फक्त सुईण येते, रंभाबाई.

"काय लिवून राहिली वं? नवऱ्याले चिठ्ठी? एवढी लांब?"

"नाही. एका ग्रहाबद्दल."

"मंगळ हाय का तुले?"

१० मे

ग्रहाचं नाव पौष. तिथला सूर्य चांदणीएवढा. तिथे बर्फ जिवंत आहे. तळहाताएवढे स्फटिक, सहा हातांचे. तोंड नाही, पोट नाही. धुक्यातले थेंब घेतात आणि काठाकाठाने वाढतात. फार सावकाश – बोटभर वाढीला आपलं एक आयुष्य. उजेड अंगातून आरपार जातो, त्यावरून त्यांना कळतं समोर कोण आहे.

कोणी कोणाला शिवत नाही. शिवलं तर तेवढी जागा वितळते. पुन्हा गोठते, पण पहिल्यासारखी नाही. म्हणून सगळे अंतर राखून उभे. त्यांना त्याचं दुःख नाही.

मला तिथे बरं वाटतं.

बैठकीत बाबांकडे पाहुणे. वाळ्याच्या ताटीवर पाणी मारलं, वास दाराच्या फटीतून इथपर्यंत आला. मग गोणपाटात बर्फ फोडल्याचा आवाज. मी पाणी मागितलं. कोमट आलं, सुंठ घातलेलं.

१२ मे

मुलीची मान, पाठ, काखा लालभडक. घामोळं फुटून पाणी येतं.

रंभाबाई दारातल्या आईकडे तोंड करून म्हणाली, "पोर भाजून राहिली ना, जिजाबाई. निखाऱ्यातल्या वांग्यावानी. काढा थे शेगडी."

"तू तेल लाव. शेगडीचं मी पाहीन."

"पहा बाप्पा. सालटं निघालं का मग सांगा मले."

थोड्या वेळाने उंबरठ्यावर नव्या निखाऱ्यांचं घमेलं आलं.

पौषवर स्फटिकांना मुलं होत नाहीत. धुळीच्या एखाद्या कणाभोवती आपोआप धरतात. कोणाची कोणी आई नाही. हे परवा लिहायचं राहिलं होतं.

१३ मे

पीत नाही. तोंडाशी धरलं तर मान फिरवते.

खिडकीच्या गोधडीला हात लावून पाहिला. खिळे हलत नाहीत.

१४ मे

रंभाबाई दुपारी जेवायला घरी गेली. मुलगी रडेनाशी झाली. डोळे अर्धे उघडे. आईने दारातून पाहिलं.

"हिले थंडी भरली. निखारे आणतो."

"आई, खिडकी उघड."

"नाही."

"काहून नाही?"

तिने चिमट्याने उंबरठ्यावरची राख बाजूला सारली.

"तुह्याआधी एक होती. रात्री खिडकी उघडी राहिली. सकाळी हात लावला तं थंडगार. पौष होता."

मला हे कोणीच सांगितलं नव्हतं. पौषवर मी एकही मूल ठेवलं नव्हतं.

उठले. चक्कर आली, भिंत धरली. मुलीला घेऊन उंबरठ्याशी गेले. आई मागे सरकली.

"सोयर हाय, वच्छला."

"हात लाव. ही थंड आहे का सांग."

तिने हात पाठीशी नेले. मग चिमटा खाली ठेवला. आधी बोटं, मुलीच्या पोटावर. मग तळहात. मग वाकून गाल.

"थंडी नाही वं हे," ती म्हणाली. "हे तं गरम हाय."

खिळे तिनेच उपटले, त्याच चिमट्याने. मग बैठकीतली ताटी पाहुण्यांदेखत ओढत आणली.

"अवं, आम्ही काय करावं मग?" बाबा ओरडले.

"घामेजा," आई म्हणाली.

ताटी खिडकीत उभी केली. तांब्याने पाणी मारलं. ओला पंचा मुलीच्या अंगावर. खोलीत वाळ्याचा वास.

१५ मे

पहाटे प्यायली.

आई खिडकीत बसली आहे, ताटीला पाठ लावून. वारा आधी तिला लागतो, मग आम्हाला. ऐन वैशाखात अंगावर गोधडी – तीच, कोपऱ्यांना भोकं असलेली. दोन्ही हात तिने गोधडीत ओढून घेतले आहेत.

मी शेगडी तिच्याजवळ सरकवली.