शिक्षेच्या फेऱ्यांना टाळ्या

प्रिय फ्लोरी,

रविवारी मिस्सा झाल्यावर चर्चच्या हॉलमध्ये आपल्या शेरॉनचा सत्कार आहे. ज्यूलीने केक सांगितलाय, त्यावर साखरेची बंदूक असणार म्हणे. आणि शेरॉनची कॅनडाच्या टीममध्ये निवड झालेलीच नाही! मिसिसागातल्या सगळ्या वसईकरांत हे फक्त मला ठाऊक आहे, आणि तिला. दुसऱ्या कुणाला सांगायला तोंड नाही, म्हणून तुला लिहायला बसलोय.

तू होतीस तोवर मी एकाही शर्यतीला आलो नाही. गोदामातली शिफ्ट हे माझं कायमचं निमित्त. "अहो, एकदा तरी चला, पोरगी तुमचीच आहे ना?" असं तू म्हणायचीस. मी म्हणायचो, पायांत स्की बांधून बर्फावर घसरायचं आणि मध्येच थांबून बंदूक मारायची, हा काय खेळ झाला? तू मात्र ती शाळेत असल्यापासून तिला गाडीत घालून उत्तरेला नेत राहिलीस. बेसमेंटच्या भिंतीवर काळा ठिपका काढून दिलास. ती रिकाम्या बंदुकीने नेम धरायची तेव्हा तू शेजारी बसून मोठ्याने जपमाळ म्हणायचीस, का तर तिला गोंगाटात नेम धरायची सवय व्हावी! मी वरून ओरडायचो, जरा हळू म्हण.

तू गेलीस तेव्हा वाटलं, आता तुझी जागा मी घ्यायची. या वेळी कॅनडाच्या टीममध्ये आले नाही तर खेळ सोडीन, असं शेरॉनने ठरवलं होतं. किती वर्षं ओढायचं गं तिने तरी? सकाळी सराव, दुपारी ग्रोसरीच्या दुकानात काम.

तुझी लाल लोकरीची टोपी आठवते? काय विचारतोय मी, तूच विणलेली. नेमाच्या जागी येताना शेरॉन आधी गर्दीत ती टोपी शोधते आणि मग श्वास सावरते, हे तूच सांगितलं होतंस. मी ती कपाटातून काढली आणि घालून निवडीच्या शर्यतीला गेलो. शेरॉन क्लबाबरोबर आधीच गेली होती. फोन करून विचारावं, एवढंही सुचलं नाही. म्हटलं, सरप्राइज देऊ. केवढा शहाणा तुझा नवरा!

शेवटच्या नेमाला ती तिसरी आली. पाठीवरची बंदूक काढता काढता तिने वर बघितलं. टोपी दिसली. ती जरा थबकली. मग उभ्यानेच पाच गोळ्या मारल्या आणि समोरच्या पाचही काळ्या चकत्या पांढऱ्या झाल्या. फ्लोरी, मी नाचलो! तिथल्या तिथे वसईकरांच्या ग्रुपवर टाकून दिलं, "आपली शेरॉन कॅनडाच्या टीममध्ये!"

मग ती एका छोट्या गोल वाटेवर फिरायला लागली. एक फेरी झाली, पुन्हा दुसरी, पुन्हा तिसरी, अशा पाच. मला वाटलं, जिंकणारीला मान म्हणून फिरवतात. मी टाळ्या पिटत राहिलो. माणसं माझ्याकडे बघत होती, शेजारची एक बाई तर हळूच बाजूला सरकली. चुकलेल्या प्रत्येक गोळीला शिक्षेची एक फेरी असते, हे मला का नाही शिकवलंस? शिकवत होतीस गं. मी टीव्ही बघत होतो.

परत येताना शेरॉन गाडीत माझ्या शेजारी बसली होती. माझा फोन मात्र सारखा वाजत होता, अभिनंदनावर अभिनंदन. शेवटी म्हणाली, "डॅड, आय शॉट द राँग टार्गेट्स. बाजूच्या लेनचे. माझे सगळे काळेच राहिले."

"असं कसं झालं गो बाय?"

"आय सॉ मॉम्स हॅट. जस्ट फॉर अ सेकंड, आय थॉट शी केम."

मी गाडी कडेला घेतली. टोपी अजून माझ्या डोक्यावरच होती. ती काढून कुठे ठेवावी तेही कळेना.

तिने डोळे पुसले, माझा फोन घेतला आणि मेसेज वाचले. म्हणाली, "टेल देम आय मेस्ड अप, ओके? टोपीचं नको सांगू. दे विल लाफ ॲट यू."

आणि खरं सांगू? मला हायसं वाटलं. सगळ्यात जास्त लाज त्याचीच वाटते. तिच्या इतक्या वर्षांच्या मेहनतीवर पाणी पडलं होतं, तरी ती बापाला झाकत होती, आणि बापाने सुटल्यासारखं वाटून गाडी सुरू केली. तिला वाटतंय, मी सगळ्यांना कळवून टाकलंय. सत्काराचा तिला पत्ताच नाही. काल ज्यूलीने फोन करून विचारलं, केकवर नाव इंग्लिशमध्ये टाकायचं की मराठीत? मी म्हणालो, मराठीत! कसला माणूस आहे मी, फ्लोरी?

ती रागावली असती तर बरं झालं असतं. तू तरी रागाव!

आता तुला शब्द देतो. आज ती कामावरून आली की आधी तिला सत्काराचं सांगीन. रविवारी केक कापायच्या आधी तुझी टोपी घालून उभा राहीन आणि सगळं सांगीन, टाळ्यांसकट. हसू देत काय हसायचं ते.

पुढच्या महिन्यात तिची क्लबातली शेवटची शर्यत आहे. येऊ का, असं तिला विचारीन. हो म्हणाली, तर तुझी टोपी घरी ठेवून माझी कानटोपी घालून जाईन. तिने वर बघितलं तर तिला तिचा बापच दिसायला हवा. आणि ती शिक्षेच्या फेऱ्यांना वळली, तर मी पुन्हा टाळ्या वाजवीन. या वेळी कशासाठी वाजवतोय ते मला ठाऊक असेल.

तुझाच,
पास्कल