रायफलीचा फॉर्म आणि लोर्नाचा डबा

१२ ऑक्टोबर, शनिवार. सकाळ.

नवी वही. रिटायर होताना शाळेच्या बस गॅरेजवाल्यांनी तीन कोऱ्या वह्या दिल्या होत्या, त्यातली ही पहिली. एकतीस वर्षं बसच्या वहीत रोज खरं तेच लिहिलं. वेळ, मैल, कुठल्या पोराने कुठल्या सीटवर उलटी केली. हार्लन किव्हेलाने कागदावर खोटं लिहिलं असं या गावात कोणी म्हणणार नाही.

विषय: रायफल. जुनी गेली. वसंतात तळघरात पाणी शिरलं आणि ती तिथेच कोपऱ्यात उभी होती. हार्डवेअरच्या दुकानातल्या डॉट सॅल्मेलाने रायफलीच्या नळीत डोकावून बघितलं आणि म्हणाली, हिला आता टोमॅटोच्या रोपाला आधार म्हणून लाव. तेल लावायचं राहून गेलं. या वर्षी बरंच राहून गेलं.

पंधरा नोव्हेंबरला हरणांचा हंगाम उघडतो. नात ब्रिटा चौदाची झाली, तिचा हा पहिलाच. माझ्या बायकोने, लोर्नाने, मार्चमध्ये, डोळे मिटायच्या आठ दिवस आधी, पलंगावरून तिला शब्द दिला होता की पहिल्या दिवशी आजोबा तुझ्याशेजारी बसतील. शब्द दिला पोरीला आणि बघितलं माझ्याकडे. मी मान हलवली. म्हणजे काम ठरलेलं आहे.

चौतीस दिवस आहेत. रायफल घ्यायला एक दुपार लागते.

१५ ऑक्टोबर, मंगळवार.

मिशिगन राज्याचं काम फत्ते. आता लांब नळीच्या बंदुकीलाही शेरीफच्या ऑफिसातून खरेदीचा परवाना लागतो. काउंटरवरची डेप्युटी माझ्याच बसमधली निघाली. सीट नंबर सात, गाडी लागायची. तिने सुरक्षिततेची प्रश्नपत्रिका दिली. दोन उत्तरं चुकली, दोन्ही वेळा प्रश्नच वाकडा होता. ती म्हणाली, मिस्टर किव्हेला, पास झालात, आता खिडकी उघडी ठेवून गाडी चालवा. दोघंही हसलो. बऱ्याच दिवसांनी.

परवाना तीस दिवस चालतो, म्हणजे चौदा नोव्हेंबरपर्यंत. मला तीस तास पुरतील.

१६ ऑक्टोबर, बुधवार.

डॉटच्या दुकानात रंगाचे डबे आणि बर्फाची फावडी ओलांडली की मागे बंदुकांचं काउंटर. चांगली आखूड रायफल निवडली, खांद्याला हलकी. मग डॉटने फेडरल, म्हणजे केंद्र सरकारचा फॉर्म पुढे ठेवला. नाव, पत्ता, जन्मतारीख. गुन्हा? नाही. पळून आलेला आरोपी? नाही. एका प्रश्नात गांजा वगैरेचं विचारलंय, आणि खाली ठळक अक्षरांत की तुमच्या राज्यात चालत असला तरी फेडरल कायद्यात चालत नाही.

मी गमतीने म्हणालो, डॉट, यात लोर्नाच्या झोपेच्या गोळ्या धरायच्या का?

डॉटचा हात तिथल्या तिथे थांबला.

आता यात लपवण्यासारखं काय आहे? लोर्नाला दुखायचं तेव्हा हायवेवरच्या दुकानातून गांजाच्या त्या चघळायच्या गोळ्या आणायचो. उजेडात, पावती घेऊन, मिशिगनचा कर भरून. ती गेल्यावर डबा उरला. तिला शिळी भाकरीसुद्धा टाकलेली खपायची नाही. म्हणून रोज झोपताना एक घेऊन डबा संपवतोय. याला वापरणारा म्हणत नाहीत. याला आवरासावर म्हणतात.

डॉट म्हणाली, तुझ्या तोंडात तीळ भिजत नाही का रे? न बोलता तू काय लिहिलं असतंस ते तुझं तू बघितलं असतंस. आता मी ऐकलंय. आता विकली तर माझं लायसन जाईल, आणि तू 'नाही' लिहिलंस तर तू आत जाशील. मिशिगन म्हणतं खा. वॉशिंग्टन म्हणतं, खात असलास तर बंदूक मिळणार नाही.

किती दिवस बंद केलं की चालेल, असं विचारलं. ती म्हणाली, मी वकील नाही, आणि दिवसांचा आकडा मला कुठे छापलेला दिसला नाही. बंद म्हणजे बंद कर. खरोखर 'नाही' लिहिता येईल त्या दिवशी ये. तोवर रायफल बाजूला ठेवते.

ठीक आहे. आजपासून बंद. मला काही सवय लागलेली नाही.

१७ ऑक्टोबर.

बंद केलं. झोप लागली नाही. दुपारची कॉफी नडली.

१८ ऑक्टोबर.

कॉफी घेतली नाही. झोप लागली नाही. गादीचा दोष आहे, लोर्नाच्या बाजूला उंच आणि माझ्या बाजूला खोल. तीही बाजू वापरायला हवी. उद्यापासून.

१९ ऑक्टोबर, शनिवार.

अर्धी घेतली. अर्धी म्हणजे एक नव्हे.

२२ ऑक्टोबर.

लोर्नाचा धाकटा भाऊ आर्नी आला. त्याला सगळं सांगितलं. तो हसून हसून खोकला. म्हणाला, भाऊजी, अर्धा जिल्हा संध्याकाळी गोळी खातो आणि सकाळी 'नाही' लिहितो. तुमच्या पोटात डोकावायला वॉशिंग्टनहून कोण येणार आहे?

मी म्हणालो, मी कागदावर खोटं लिहीत नाही.

तो म्हणाला, मग माझ्या तीन आहेत त्यातली एक घ्या. मी डॉटला फोन लावला. डॉट म्हणाली, नियम नुसता विकत घेण्याला नाही, बाळगण्यालाही आहे, उसनी असली तरी तेच. आर्नीने कपाळाला हात लावला. मला मात्र का कोण जाणे, जरा हायसं वाटलं. कायदा स्पष्ट असला की बरं असतं.

जाताना त्याने फ्रिजवरचा डबा हलवून बघितला. म्हणाला, सात महिने झाले, भाऊजी. डबा आहे की विहीर?

आर्नी लहानपणापासून आगाऊ आहे. लोर्नाही म्हणायची.

२५ ऑक्टोबर.

तीन दिवस पूर्ण बंद. अभिनंदन. शिकारीची केशरी टोपी आणि जाकीट काढून बाहेर वाळत घातलं. शेजारच्या खुंटीवर लोर्नाचं जाकीट होतं, तेही वाळत घातलं. वाऱ्याने दोन्ही शेजारी शेजारी हलत होती. आत येऊन भांडी घासली. घासलेलीच होती.

२६ ऑक्टोबर.

एक घेतली. जाकिटांमुळे.

२९ ऑक्टोबर, मंगळवार.

ब्रिटाचा फोन. आजोबा, तुम्ही नक्की येणार ना? शंभर टक्के, मी म्हणालो. मग अचूक नेम, वाऱ्याची दिशा, पायांचा आवाज, सगळं अर्धा तास समजावलं. ती म्हणाली, ते आर्नीआजोबांनी शिकवलंय. मला फक्त भीती वाटते, की हरीण समोर आलं की मला काय होईल. मी म्हणालो, काही होत नाही. ती म्हणाली, तुम्हाला पहिल्यांदा काय झालं होतं? मी म्हणालो, ते तिथे बसलो की सांगेन.

मला रडू आलं होतं. वडिलांनी पाठीवर हात ठेवला होता आणि बराच वेळ तसाच राहू दिला होता. हे फोनवर सांगायचं नसतं.

निश्चय: पहिल्या तारखेपासून कडक.

१ नोव्हेंबर.

पहिली तारीख शुक्रवारी आली. आठवडा संपत आल्यावर कोणी काही सुरू करत नाही. सोमवार.

४ नोव्हेंबर, सोमवार.

हायवेला जाऊन आलो. टायरची हवा बघायची होती.

७ नोव्हेंबर.

पहिला बर्फ. चार दिवस रीतसर बंद. म्हणजे दोन पूर्ण आणि दोन अर्धे. गरम दूध घेतो. लोर्नाच्या बाजूला झोपून बघितलं. उशीला अजून तिच्या मलमाचा वास आहे. उठून सोफ्यावर आलो. सोफा कंबरेला वाईट. कंबरेमुळे गोळी घेतली, म्हणजे ती औषधात गेली.

आर्नीचा फोन. जंगलातल्या आमच्या शिकारीच्या झोपडीत, कॅम्पवर, चूल पेटवून आला, छपरावरची फांदी काढली. म्हणाला, पत्त्यांचा डाव मांडायला चौथा भिडू पाहिजे, भाऊजी, रायफल असो नसो, तुम्ही या. मी म्हणालो, हंगाम उघडताना रायफलीशिवाय कॅम्पवर जाणारा माणूस मी नव्हे. तो म्हणाला, मग कोणता माणूस तुम्ही? असले प्रश्न तो डाव हरायला लागला की विचारतो.

पेस्टीचं काय करणार, तेही त्याने विचारलं. मांस-बटाट्याच्या वीस पेस्टी लोर्ना दर वर्षी आदल्या दिवशी करून कॅम्पवर आणायची, वर्तमानपत्रात गुंडाळून, प्रत्येकीवर नाव घालून. मी म्हणालो, बघतो. बेकरीत मिळतात.

११ नोव्हेंबर, सोमवार.

डॉट दुकानाबाहेर बर्फ ओढत होती. म्हणाली, ठेवलीय तुझी. बंद आहे ना? मी म्हणालो, जवळजवळ. ती फावड्यावर रेलली आणि म्हणाली, हार्लन, त्या फॉर्मवर दोनच चौकोन आहेत, 'जवळजवळ'चा नाही. मग हळू आवाजात म्हणाली, माझा नवरा गेला तेव्हा मी सहा महिने त्याचे मोजे घालून झोपत होते. मोज्यांबद्दल सरकार विचारत नाही, एवढंच माझं नशीब.

मी म्हणालो, माझं तसलं काही नाही. माझं फक्त वाया घालवायचं नाही म्हणून चाललंय.

ती म्हणाली, बरं.

१३ नोव्हेंबर.

तयारी पूर्ण. टोपी, जाकीट, थर्मास, हंगामाचं लायसन, शेरीफचा परवाना, दुर्बीण. उद्या रायफल घेऊन तिथूनच कॅम्पवर. डोकं अगदी शांत आहे. गोळीची आठवणही झाली नाही. आठवण झाली नाही हे लिहिताना झाली.

१४ नोव्हेंबर, गुरुवार. संध्याकाळ.

दुपारी तीनला डॉटकडे गेलो. परवान्याचा शेवटचा दिवस. दुकान माणसांनी भरलेलं, सगळे ऐन वेळेला जागे होणारे. डॉटने नवा कोरा फॉर्म दिला आणि गल्ल्याकडे गेली. मुद्दाम गेली. मला एकट्याला सोडून.

नाव लिहिलं. पत्ता लिहिला. 'नाही, नाही, नाही' करत त्या प्रश्नाशी आलो. मनात म्हणालो, काल घेतली नाही. परवा घेतली. उद्यापासून ब्रिटासाठी कायमची बंद. म्हणजे मनाने मी आत्ताच बंद केलेली आहे. तेव्हा 'नाही' हेच खरं.

पेन टेकवलं. आणि कागद वहीसारखा दिसायला लागला.

आता लिहूनच टाकतो. या वहीत महिनाभर मी खोटं लिहिलंय. लोर्नाचा डबा मे महिन्यात संपला. शेवटची गोळी घेतल्यावर मी रिकामा डबा घेऊन सकाळपर्यंत या खुर्चीवर बसलो होतो. झाकणावर तिचं अक्षर आहे, "रोज एक, हावरटपणा नको." दुसऱ्या दिवशी हायवेवर गेलो आणि भरून आणला. तेव्हापासून दर महिन्याला भरतो. टायरमध्ये हवा भरपूर आहे. डबा संपला की तिचं या घरातलं सगळं संपलं असं मला वाटतं, म्हणून मी तो संपू देत नाही.

'हो'च्या चौकोनात खूण केली.

डॉटने बघितलं. ओरडली नाही. फॉर्म आत ठेवला, रायफल परत मांडणीवर लावली आणि माझ्या बाहीला हात लावून म्हणाली, घरी जा, काहीतरी गरम खा. मागचा माणूस म्हणाला, काय झालं, नापास का? डॉट त्याला म्हणाली, तू तुझा फॉर्म बघ.

आर्नीला फोन करून कळवलं की फेडरल सरकारमुळे येता येत नाही. तो म्हणाला, भाऊजी, सरकारला का मध्ये आणता. मी फोन ठेवला.

१५ नोव्हेंबर, शुक्रवार. दुपार.

शाळा बंद, गाव रिकामं, सगळे जंगलात. मी स्वयंपाकघरात.

अकराला ब्रिटाचा फोन आला. साडेआठला हरीण आलं होतं. तीस पावलांवर. आर्नी कानात मार, मार करत होता. तिने मारलं नाही. ते तिच्याकडे बघत राहिलं आणि गेलं. मग तिला रडू फुटलं. आर्नी म्हणाला, होतं असं, आणि कॉफी आणायला गेला. ती तासभर एकटी बसली होती.

मी म्हणालो, मला यायचं होतं गं. मग सगळं समजावून सांगितलं. राज्याचा परवाना कसा मिळाला, तो किती दिवस चालतो, फेडरल फॉर्म वेगळा कसा, मिशिगन काय म्हणतं आणि वॉशिंग्टन काय म्हणतं, उसनी रायफलही का चालत नाही. कुठेही चुकलो नाही. मला ते आता पाठ आहे.

तिने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, पण आजोबा, रायफल तर माझ्याकडे होती. आजी म्हणाली होती की तुम्ही शेजारी बसाल. नुसतं बसायला फॉर्म लागतो का?

मी म्हणालो, नाही. बसायला लागत नाही.

महिनाभर हे मला माहीत होतं. लोर्ना नसलेल्या त्या कॅम्पवर मला पाऊल टाकायचं नव्हतं, आणि न जायला एवढा मोठा कायदा सापडला होता.

 पलीकडे कोणीतरी लाकडं फोडत होतं. मग ब्रिटाने विचारलं, तुम्ही जेवलात का?

मी हो म्हणालो. जेवलो नव्हतो.