हंगामी समितीचा दसरा

रवि. ३० सप्टें. २००७, साउथहॅम्प्टन

लेकीला, सईला, घेऊन रीडिंगला जाऊन आलो. मधुराकडे बैठक. पोहे, चहा, परत पोहे. मधुरा म्हणजे संपर्क समितीची म्होरकी. नागपूरची, सॉफ्टवेअरवाली, दीड वर्षाची मुलगी कडेवर घेऊन मीटिंग चालवते आणि चालवते झकास.

उन्हाळ्यात इथल्या मराठी मंडळाची जुनी कार्यकारिणी भांडून राजीनामा देऊन मोकळी झाली. तेव्हापासून दोन समित्या. एक आमची, हंगामी समिती (पुढे नुसतं हं.स.): अध्यक्ष अण्णा, म्हणजे रिटायर्ड सर्जन, सचिव मी, आम्ही सगळेच डॉक्टर. काम एकच, सर्वसाधारण सभा बोलावून निवडणूक घेणे. दुसरी यांची संपर्क समिती. तिला घटनेत कुठेच जागा नाही, पण गणपती तिनेच केला, ई-मेल ग्रुपही तिचाच. शिक्का आमच्याकडे, माणसं त्यांच्याकडे.

मधुरा: "काका, हं.स.मध्ये तुम्हीच आमचे हं. ऑक्टोबरात निवडणूक घ्याच. माणसं आणायचं माझ्याकडे लागलं."

मी शब्द दिला. दिला म्हणजे अगदी छातीवर हात ठेवून.

परतताना रीडिंग स्टेशनवर गाडीला वेळ होता. पोस्टर वाचत उभा. २१ ऑक्टो., रविवार, इंजिनिअरिंग वर्क्स, बेसिंगस्टोकच्या पुढे गाड्या नाहीत, बस. सई शेजारी चिप्स खात होती. "तू काय वाचतो एवढं?" म्हणाली. "काही नाही," म्हणालो. तेव्हा खरंच काही नव्हतं.

मंगळ. २ ऑक्टो.

सईचा इतिहासाचा निबंध: रशिया १९१७, हंगामी सरकार का पडलं. मी खूश. पुण्याला कॉलेजात असताना आमचं एक अभ्यासमंडळ होतं, तिथे हे सगळं तोंडपाठ केलेलं. जेवायच्या टेबलावर तास घेतला. झार गेल्यावर एकाच राजवाड्यात दोन सत्ता. एका अंगाला हंगामी सरकार: वकील, प्राध्यापक, जमीनदार. दुसऱ्या अंगाला कामगार-सैनिकांची सोव्हिएत. सरकारकडे खुर्च्या, सोव्हिएतकडे रेल्वे, तार आणि फौज. सोव्हिएतने फर्मान काढलं की सरकारचा हुकूम आम्हाला पटला तरच पाळायचा.

नीलिमा भात वाढता वाढता: "म्हणजे तुमचं मंडळच की."

हसलो सगळे. सईने 'हंगामी' शब्द डिक्शनरीत बघितला. पहिला अर्थ सीझनल. "सीझनल गव्हर्नमेंट! स्ट्रॉबेरीसारखं!" पोट धरून हसत होती. शाळेत सांगणार म्हणे.

आता लिहिताना लक्षात येतंय, हंगामी सरकारचंही हं.स.च होतं.

गुरु. ४ ऑक्टो.

अण्णांचा फोन. "निवडणूक घेतली तर ती पोरं सगळी मंडळी घेऊन येतील नि मंडळ ताब्यात घेतील. आपण इथे तीस वर्षं काय झक मारली? वर्षभर मुदतवाढ घेऊ, मग बघू. तारीख तूच ठरव, तू शहाणा आहेस."

'बघू' हा अण्णांचा आवडता शब्द. माझाही आहे, नीलिमा म्हणते.

खरं सांगायचं तर मलाही सोडवत नाही. हॉस्पिटलात इतकी वर्षं कन्सल्टंटच्या खालचा स्टाफ ग्रेडच राहिलो. माझ्या हाताखाली शिकलेले कन्सल्टंट झाले, आता ते मला सुट्ट्या मंजूर करतात. मंडळात मात्र "सेक्रेटरीसाहेब, जरा बघा ना" म्हणत लोक मागे येतात. बरं वाटतं. कुणाला सांगण्यासारखं नाही हे.

शुक्र. ५ ऑक्टो.

नोटीस काढली. सभा २१ तारखेला, सकाळी दहा, आमच्या नेहमीच्या चर्च हॉलमध्ये. दसरा आहे त्या दिवशी, अण्णा खूश: "वा! मुहूर्त साधलास." मधुराचंही लगेच उत्तर: "दसरा! मस्त काका. आम्ही सगळे सीमोल्लंघन करून येतो."

रीडिंगच्या त्या मुलांपैकी फार थोड्यांकडे गाडी आहे. सगळी ट्रेननेच येणार.

मला कुणी सांगितलं नव्हतं हे करायला. अण्णांना तर ते पोस्टर माहीतही नाही. इथे लिहून ठेवतो, म्हणजे उद्या मला स्वतःला तरी दसऱ्याच्या मुहूर्ताची सबब सांगता येणार नाही.

शनि. १३ ऑक्टो.

सईला शिकवायचं म्हणजे पंचाईत. आज विचारते, "बाबा, पण त्या लोकांचा काम काय होता? इलेक्शनच घ्यायची होती ना?" हो, घटना समितीची. "मग घेतली का नाही?" मी सांगितलं: युद्ध चालू होतं, याद्या तयार नव्हत्या, परिस्थिती निवळू दे म्हणाले, तारीख पुढे ढकलली.

"परिस्थिती निवळू दे" हे अण्णांचं वाक्य. जसंच्या तसं माझ्या तोंडातून आलं.

एक वकील तर दोन्हीकडे होता. सरकारात मंत्री, आणि सोव्हिएतमध्ये जाऊन सांगायचा, मी तुमचाच. सई म्हणाली, "क्रीप." मी विषय बदलला.

अजून वेळ आहे. ग्रुपवर एक ओळ टाकली की झालं: त्या दिवशी ट्रेन नाहीत, मोटारी शेअर करा. दोनदा टाइप केली. उद्या टाकतो.

शनि. २० ऑक्टो.

टाकली नाही.

रवि. २१ ऑक्टो. दसरा

सभा झाली.

आमची साउथहॅम्प्टनची मंडळी वेळेवर. रीडिंगचं कुणीही नाही. अण्णांनी घड्याळ बघितलं, "त्यांना इंटरेस्ट दिसत नाही," म्हणाले. मुदतवाढीचा ठराव मी वाचला. आवाज चांगला लागला होता. हात वर. मंजूर. टाळ्यासुद्धा.

खुर्च्या रचत होतो तेव्हा दार ढकलून मधुरा आली. मुलगी खांद्यावर झोपलेली, मधुराच्या टॉपवर ओकारीचा डाग, दुसऱ्या हातात सांबारवड्यांचा, म्हणजे नागपुरी कोथिंबिरीच्या वड्यांचा, मोठा डबा. एकटीच. बाकीचे गाड्या बंद बघून रीडिंगहूनच घरी परतले, काही बेसिंगस्टोकहून. ही बसने आली. ती बस गावागावातून फिरत आलेली.

"झालं का हो काका? पिल्लूला बस लागली, मध्ये उतरावं लागलं. फोन लावत होते, तुमचा बंद होता."

बंद होता. सभेचा नियम आहे. नियम मीच केला.

"तुम्हाला माहीत नव्हतं ना गाड्यांचं?"

"नाही गं. मला कुठून माहीत असणार?"

इतक्या सहज आलं. घसा खाकरावा लागला नाही की काही नाही.

सई चहाचे कप गोळा करत होती. थांबली. माझ्याकडे बघितलं. रीडिंग स्टेशन, चिप्स, पोस्टर, सगळं तिच्या तोंडावर दिसलं मला. कप घेऊन आत गेली.

मग मधुराने पर्समधून कागदाची आपट्याची पानं काढली, हिरवी क्रेयॉनने रंगवलेली, रेघेबाहेर गेलेली. "पिल्लूने केलीत. सोनं घ्या काका, सोन्यासारखे राहा." आणि झोपलेल्या मुलीला सावरत वाकून नमस्कार केला. मला. मी "असू दे, असू दे" म्हणालो आणि डोक्यावर हात ठेवला. आशीर्वादही दिला. कुठला ते आठवत नाही.

हात धुतले घरी आल्यावर. काय उपयोग.

मंगळ. २३ ऑक्टो.

ग्रुपवर आग लागली आहे. रीडिंगची पोरं म्हणतात, तारीख मुद्दाम ठरवली, हं.स. मानत नाही, यापुढे आम्हाला पटेल तेच ऐकणार. त्यावर मधुराचं उत्तर: "काकांना दोष देऊ नका. मी स्वतः विचारलंय, त्यांना माहीत नव्हतं. ते आपल्या बाजूचे आहेत."

शिव्या खाल्ल्या असत्या तर जेवण गेलं असतं. नीलिमाने विचारलं, काय झालं. डोकं दुखतंय म्हणालो. सई ताटावरून उठून गेली.

शनि. २७ ऑक्टो.

सई बोलते, पण मीठ दे, दार लाव, एवढंच. निबंध दाखवला नाही. तिच्या टेबलावर उघडा होता, वाचला. शेवटी लिहिलंय (इंग्रजीतच, मी मराठीत उतरवतो): त्यांना दुसऱ्यांनी हरवलं नाही. लोकांना जे देण्यासाठी ते बसले होते तेच ते पुढे ढकलत राहिले. माझ्या वडिलांच्या भाषेत या सरकारच्या नावाचा अर्थ सीझनल असाही होतो, पण सीझन संपला हे त्यांना स्वतःहून कधी कळलं नाही.

बाईंनी शेजारी लिहिलंय, उत्कृष्ट.

मला अभिमान वाटला आणि तोंड लपवावंसं वाटलं. दोन्ही एकदम.

गुरु. १ नोव्हें.

अण्णांना फोन करून सांगितलं. सगळं, पोस्टरसकट. वाटलं चिडतील. हसले. "अरे, मग तर तू खरा पॉलिटिशियन निघालास! कशाला बोलतोस कुणाला?" वर त्यांनी शाबासकी दिली. यापेक्षा चिडले असते तर बरं होतं.

मधुराचा फोन: अकरा तारखेला रीडिंगला संपर्क समितीचा दिवाळी फराळ. "काका, तुम्ही दोन शब्द बोला. पोरांचा राग जाईल. तुम्ही बोललात की दोन्हीकडचे ऐकतात." बरं म्हणालो.

शुक्र. ९ नोव्हें. लक्ष्मीपूजन

कागदी पानं अजून देवाजवळ आहेत. नीलिमाने ठेवली. हलवता येत नाहीत नि बघवतही नाहीत. पूजेला त्यांच्यावरच कुंकू पडलं.

रवि. ११ नोव्हें., ट्रेनमध्ये

नीलिमा ऑन कॉल आहे, म्हणून मी आणि सईच. गाडी काढू का विचारलं. "ट्रेननी जाऊ," म्हणाली. का ते विचारलं नाही.

बेसिंगस्टोक गेलं. त्या दिवशी मधुरा याच रस्त्याने मुलीला घेऊन उलट्या दिशेने, बसने... असो. असो कसलं.

दोन शब्द तयार आहेत. चांगले आहेत: दिवे, अंधार, एकोपा. टाळ्या पडतील. दुसरे शब्दही आहेत, एकच वाक्य. ते कुठे लिहिलेलं नाही. ते बोललो तर सचिवपद तर जाईलच, मधुरा पुन्हा काका म्हणेल की नाही कोण जाणे. मला ते हवंय. एवढं होऊनही मला तेच हवंय, याची लाज वाटते.

सई समोर बसली आहे. कानातला एक हेडफोन काढला.

"बाबा, तू सांगणार आहेस का?"

किती दिवसांनी एवढं मोठं वाक्य बोलली.

"बघू," म्हणालो.

"आपल्या घरात 'बघू' म्हणजे 'नाही' ना?"

तिने हेडफोन परत घातला नाही, हातातच धरून बसली आहे.

गाडी रीडिंगला शिरते आहे. घ्यायला मधुरा प्लॅटफॉर्मवर आली आहे, मुलगी कडेवर. मुलीला आमच्या गाडीचा डबा दाखवते आहे, हात करायला लावते आहे.