पाचव्या पानापासून

दूधविनायक, वाराणसी
६ फेब्रुवारी १९९९

प्रिय देवू,

अनेक आशीर्वाद. रविवारी फोनवर मी नुसतं ‘हो, बरं, होळीपर्यंत थांब’ करत राहिले म्हणून तू वैतागलास, ते कळलं मला. पण फोन बाबांच्या उशाशी. डोळे अधू झाल्यापासून त्यांचे कान इतके तिखट झालेत की मी स्वयंपाकघरात गुळाचा खडा तोंडात टाकला तरी त्यांना ऐकू जातो. मग तुझ्याशी मनातलं बोलणार कशी? आज ते जेवून आडवे झालेत आणि मी गच्चीवर मुगवड्या राखत बसले आहे, एका हातात माकडांसाठी काठी, दुसऱ्या हातात पेन. अक्षर वाकडं आलं तर माकडांना बोल लाव.

उजव्या डोळ्याचं ऑपरेशन नीट झालं. डॉक्टर म्हणाले, मोतीबिंदू पार पिकला होता, इतके दिवस थांबलात कसे? काळा चष्मा लावून बाबा ओसरीवर बसतात तेव्हा गल्लीतली पोरं त्यांना ‘हीरो’ म्हणून हाक मारतात आणि यांना ते आवडतं, असं माझं पक्कं मत आहे. होळी झाली की त्यानंतरच्या सोमवारी नंबर काढून खरा चष्मा मिळेल. म्हणजे दीड वर्षानं बाबा स्वतःच्या डोळ्यांनी वाचू लागतील. तोवर लिहिणारा हात माझा आणि बोलणारं तोंड त्यांचं, ही आमची जोडी चालू आहे.

आता तुझ्या ‘जुनी वाट’बद्दल. तिघा मित्रांनी मिळून न्यू जर्सीत बसून काढलेली ती इंटरनेटवरची जागा, ना कुठल्या पक्षाचा पैसा, ना मालक, ना जाहिरात, आपल्या परंपरेच्या बाजूनं बोलायचं आणि आपलेच चुकले तर त्यांचेही कान धरायचे, हे तू पहिल्यांदा सांगितलंस तेव्हा बाबा आठवडाभर जमिनीवरून दोन बोटं वर चालत होते. जन्मभर पाठशाळेत शिकवलं, राजकारणावर बोलले ते फक्त घाटाच्या पायऱ्यांवर. ‘जे शंभर वर्षं टिकलंय ते पाडायच्या आधी ते का टिकलं एवढं तरी विचारा’ हे त्यांचं वाक्य मी चाळीस वर्षं भाजी निवडताना ऐकत आले, आणि आता ते कॅनडातली माणसं वाचतात! माझ्या हस्ताक्षरात! तू कागदांची चित्रं काढून तशीच्या तशी चढवतोस हे ऐकून मी त्या दिवसापासून अक्षर घोटून काढते, तुला सांगितलं नव्हतं.

आणि त्याच फोनवर तू म्हणालास की या वेळच्या लेखानं घात झाला. शेदीडशे पत्रं आली, यज्ञेश्वरशास्त्री फितूर झाले म्हणून. पोखरणच्या स्फोटावर बाबांनी विरोधकांचीच बाजू मांडली, शेवटपर्यंत तीच, म्हणून तुझे दोन्ही मित्र नाराज. तू मला हळू आवाजात विचारलंस की बाबांचं डोकं ठिकाणावर आहे ना? आणि वयोमानामुळे शास्त्रीजींचं सदर बंद करत आहोत, अशी सूचना लावू का? मी तुला होळीपर्यंत थांब म्हटलं. थांबलास ना? देवू, त्यांचं डोकं तुझ्यामाझ्यापेक्षा ठिकाणावर आहे.

ब्रह्मा घाटावरच्या त्यांच्या गुरूंचा नियम तुला आठवत असेल. समोरच्याचं म्हणणं, म्हणजे पूर्वपक्ष, आधी आपल्या तोंडून मांडायचं, तेही असं की समोरच्यानं मान हलवून ‘हो, हेच मला म्हणायचं होतं’ असं कबूल केलं पाहिजे. तो मान हलवेपर्यंत उत्तर द्यायचा अधिकार नाही. मग मध्ये एक रात्र जाऊ द्यायची आणि दुसऱ्या दिवशी स्नान करून आपला सिद्धान्त सांगायचा. म्हणून तर बाबांचा लेख दोन दिवसांत होतो आणि तुला दोन पाकिटांत येतो. पहिल्यात समोरच्याची बाजू, एक ते चार पानं. दुसऱ्यात बाबांचं उत्तर, पाच ते आठ. पाकिटावर मी पानांचे आकडे घालते, गोंधळ नको म्हणून.

तू सात वर्षांचा होतास. वासुदेवकाकांच्या स्वरदानं तुझा पतंग फाडला म्हणून तू तिची वेणी ओढलीस. बाबांनी तुला ओसरीवर उभं केलं आणि म्हणाले, आधी स्वरदाची बाजू सांग. तू रडत रडत सांगायला लागलास. की तिला कधीच मांजा धरायला मिळत नाही, तिला नुसती फिरकी धरायला लावतात, आणि पतंग कटला की बोलणी मात्र तिला बसतात. ती पोर मान हलवायची सोडून भोकाड पसरून रडायला लागली. त्यानंतर तू आपणहून तिला मांजा दिलास. मी दारामागून पाहत होते. मला तेव्हा वाटलं, हा मुलगा मोठा होऊन काही का करेना, माझं काम झालं.

पण बाबांनी स्वतःच तो नियम मोडला, हे तुला पूर्ण माहीत नाही. गेल्या मे महिन्यात स्फोटाची बातमी आली तशी ठठेरी बाजारातून दोन किलो पेढे आणून ते अख्ख्या गल्लीला वाटत सुटले. वासुदेवभावजींनी पेढा हातात घेतला, काही बोलायला तोंड उघडलं, आणि बाबा म्हणाले, ‘तुम्हा युनियनवाल्यांचं रडगाणं आज नको, आधी तोंड गोड कर.’ चाळीस वर्षांचा दोस्त. भावजींनी पेढा परत डब्यात ठेवला आणि निघून गेले. तेव्हापासून नऊ महिने एक जण संकठा घाटावर पाचला जायचा आणि दुसरा सहाला, एकमेकांची सावली पडायला नको. इंदूवहिनी गेल्यापासून भावजी एकटेच, स्वरदा बंगळूरला. बाबांना सगळं कळत होतं. वरणात मीठ जास्त झालं तरी न बोलता जेवायचे, यावरून ओळख.

शेवटी डिसेंबरात ते म्हणाले, स्फोटावर लिहायचंय, कागद घे. पूर्वपक्ष सांगायला बसले आणि मी लिहिता लिहिता थांबले. अरे, ते वासुदेवभावजीच बोलत होते! ज्या गल्लीत नळाला सकाळचे दोन तास पाणी टिकत नाही तिथं पेढे कशाचे, घाबरलेल्या शेजाऱ्याला आणखी घाबरवलं तर तो शहाणा होत नाही, वेडा होतो. आणि देशावर प्रेम करणाऱ्याला प्रश्न विचारायची बंदी असेल तर ते प्रेम कोणत्या जातीचं? भावजींचा बोलण्याचा तो थाटसुद्धा. दुसऱ्या दिवशी नेमानं सिद्धान्त झाला. बाबा बदललेले नाहीत. स्फोट करायलाच हवा होता असंच त्यांचं मत आहे, फक्त आनंद मुकाट्यानं करायचा असतो, एवढं त्यांनी या वेळी जोडलं.

तुझ्याकडे लेख लागला, स्वरदानं तो बंगळूरला पाहिला, कागदावर छापून वडिलांना पाठवला. आणि मागच्या बुधवारी भावजी काठी आपटत आमच्या दारात. ‘वहिनी, बाहर बुलाइए पंडितजी को!’ रागावले की ते हिंदीवर येतात, ठाऊक आहे ना. बाबा भिंत चाचपत बाहेर आले. भावजींनी कागद उलगडले, दोनदा घसा खाकरला आणि म्हणाले, ‘हेच मला त्या दिवशी म्हणायचं होतं. पण इतकं नीट मला कधीच जमलं नसतं.’ आणि त्यांनी मान हलवली. बाबांना दिसत नव्हतं, म्हणून त्यांचा हात धरून आपल्या मानेवर ठेवला आणि परत हलवली. मी आत चहा टाकायला गेले आणि चहा उतू गेला तरी बाहेर आले नाही.

मग भावजी म्हणाले, आता तुझा दुसरा भाग कुठाय? तुझं उत्तर नसेल असं होणारच नाही, मला त्यावर भांडायचंय. तेव्हा बाबांना कळलं की तुझ्याकडे अर्धाच लेख लागलाय. मला वाटलं आता भडकतील. पण ते म्हणाले, डाकखान्यात दुसरं पाकीट रखडलं असेल, होतं असं. ‘पूर्वपक्ष एकटा छापला गेला तर बिघडत नाही, माझी फजिती होईल तेवढीच. सिद्धान्त एकटा छापणं मात्र पाप. ते देवव्रत कधी करणार नाही.’ असं म्हणाले. भावजींनी कागदाच्या कोपऱ्यातल्या पाचच्या आकड्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि काही न विचारता चहा प्यायला लागले.

मी बाबांना काही बोलले नाही, पण तुला आता सगळं सांगते. नोव्हेंबरात माझी भाची कालिंदी मला लंका मोहल्ल्यातल्या कॉम्प्युटरच्या दुकानात घेऊन गेली. मावशी, तुझं अक्षर दाखवते म्हणाली. मी चांगली साडी नेसून गेले होते, हस काय हसायचं ते. पडदा हळूहळू भरत गेला, माझं अक्षर दिसलं, मला आनंदानं काही सुचेना. मग पाहिलं तर कोपऱ्यात पाच. त्याच्या आधी काही नाही. दुसरा लेख काढायला लावला, तोही पाचपासून. बावीस लेख, बावीसही पाचव्या पानापासून. खाली वाचणाऱ्यांनी लिहिलं होतं, शास्त्रीजी विरोधकांना काय झोडपतात! देवू, तुझे बाबा कधी कोणाला झोडपत नाहीत. पहिली चार पानं काढली की मात्र तसंच दिसतं. मी चष्म्याला काहीतरी झालंय असं कालिंदीला सांगून डोळे पुसले.

तुझी बाजू मीच मांडते. लोकांना वेळ नाही, आठ पानं कोण वाचणार, तिघंच जण तुम्ही, दिवसा नोकरी, आणि वाचणाऱ्याला चटकन हवं असतं. पहिल्यांदा एकदा काढलंस, लोकांना आवडलं, मग सवय झाली. शिवाय तिकडे एकटा आहेस, कोणी वाहवा म्हटलं की बरं वाटतं, ते मला समजत नाही का? मान हलवलीस का? हलवली असशील तर आता मला बोलायचा अधिकार आला.

स्फोटाच्या लेखाचे आकडे मी उलटे घातले. पूर्वपक्षावर पाच ते आठ, बाबांच्या उत्तरावर एक ते चार. पाकिटांवरही तसेच. मला वाटलं होतं, तू उघडशील, ओळ-दोन ओळी वाचशील, हसशील आणि फोन करून म्हणशील, आई, पकडलंस. एवढंच हवं होतं मला. तू वाचलंच नाहीस रे. जे पाच ते आठ आलं ते चढवलंस. बाबांचं उत्तर डाकखान्यात रखडलेलं नाही, ते तुझ्याच घरात आहे, एक ते चार लिहिलेल्या पाकिटात. ते तू उघडलेलंही नसशील. शिव्या तुला खायला लावल्या आणि बाबांना फितूर म्हणवून घ्यायला लावलं, हे माझं चुकलं. त्याबद्दल रागाव, पण घरी येऊन रागाव.

आता हे पत्र का लिहिलं ते. होळीनंतरच्या सोमवारी चष्मा मिळाला की बाबांना पहिली गोष्ट करायची आहे ती म्हणजे लंकेवर जाऊन ‘जुनी वाट’ स्वतःच्या डोळ्यांनी पाहायची. रोज दिवस मोजतात. वासुदेवभावजी सोबत जाणार आहेत, कोणत्या रिक्षानं जायचं यावर दोघांचं भांडणसुद्धा झालं, म्हणजे सगळं पूर्वीसारखं आहे. मी अडवू शकत नाही आणि अडवणारही नाही. पण ‘ते देवव्रत कधी करणार नाही’ म्हणालेला माणूस त्या पडद्यासमोर बसेल, तेव्हा मला तिथं उभं राहायचं बळ नाही. ती सगळी पहिली पाकिटं तू फेकली नसशील, एवढा माझा लेक मला माहीत आहे. उघड ती. आधी तू वाच, एकेक, आणि मग लाव. चार आठवडे आहेत. नवा चष्मा घालून ते जे पहिलं पान पाहतील त्याच्या कोपऱ्यात एक असू दे.

पाकिटांवर आकडे घालणारी,
तुझीच,
आई