चामड्याला हात

आप्पा,

आज मी चामड्याला हात लावला. नुसता लावला नाही, बाह्या कोपरापर्यंत सारून दोन तास खरवडलं. हाताचा वास साबणाने तीनदा धुऊनही गेलेला नाही, आणि खरं सांगायचं तर चौथ्यांदा धुवावंसं मला वाटत नाही. डोंगरातून एडमंटनला परत येताना चार तास गाडी चालवत मी एकच विचार करत होते, तुम्ही असता तर काय म्हणाला असता. तुम्हाला जाऊन दहा वर्षं झाली, तरी तुम्हाला घाबरायची सवय काही जात नाही.

आपल्या घरात चामड्याची एकही वस्तू नव्हती. तुमचा कमरेचा पट्टा प्लास्टिकचा, शाळेत न्यायची पिशवी रेक्झिनची, सगळ्यांच्या चपला रबराच्या. घड्याळाचा पट्टासुद्धा तुम्ही बदलून स्टीलचा बसवून घेतला होता. आजोबांनी जन्मभर गावची मेलेली गुरं ओढली, सोलली, आणि त्यांचा मुलगा मास्तर झाल्यावर त्याने घराला नियम घालून दिला: चामड्याला हात लावायचा नाही, कच्च्या नाही आणि कमावलेल्याही नाही. पाहुण्यांच्या बुटांकडेसुद्धा तुम्ही अशा नजरेने बघायचा की बिचारे ते अंगणातच काढून ठेवायचे. मला त्या नियमाचा अभिमान होता. वर्गात कुणी काही बोललं तर मी माझी रबराची चप्पल पुढे करून दाखवायचे.

आणि तरी तो दिवस. मी नऊ वर्षांची आहे, शाळेला सुट्टी आहे, आई पाण्याला गेली आहे. आजोबांनी माळ्यावर दडवलेली हलगी काढून मी चुलीपाशी बसले आहे. "लांबनं शेक पोरी, लांबनं," आजोबा दारातून सांगतायत, "कातडं तापलं की आपसूक बोलतंय." मी शेकते, ते ताणलं जातं, मी दोन बोटांनी वाजवते आणि सगळं स्वयंपाकघर दणाणतं. तेवढ्यात तुम्ही आत आलात. तुम्ही मला मारलं नाहीत. मारलं असतं तर बरं झालं असतं. तुम्ही हलगी घेतलीत, विळीवर धरून कातडं उभं चिरलंत आणि चुलीत सारलंत. "गावाला हलगी पाहिजे, हलगीवाला दारापर्यंतच पाहिजे," तुम्ही म्हणालात. "ह्या घरातून पुन्हा हा आवाज यायचा नाही." त्या जळण्याचा वास दोन दिवस भाकरीला येत होता. आजोबा एवढंच म्हणाले, "बरं केलंस. आता कोण बोलवाय यायचं न्हाई." पण त्यानंतर गावात वरात निघाली की ते उठून मागच्या दारी जाऊन बसायचे. तुम्ही ते पाहिलं होतं का, हे मी तुम्हाला कधी विचारलं नाही.

इथे मी रस्त्यांच्या खात्यात आहे. चार वर्षांपूर्वी हिंटनच्या पुढे, डोंगराच्या पायथ्याला, एक रस्ता रुंद करायचा होता. वाटेत क्री लोकांच्या, म्हणजे गोरे यायच्या आधीपासून इथे राहणाऱ्यांच्या, जुन्या कबरी आहेत असं कळलं, म्हणून त्या दाखवायला तिथल्या एका म्हातारीला बोलावलं. सगळे तिला ग्रॅनी म्हणत. गुडघाभर बर्फात काठी टेकत ती पुढे, आणि लाल फिती बांधत मी मागे. "इथे माझी आत्या. इथे दोन बाळं, नावं ठेवायच्या आधीच गेली." माझ्या नकाशावर प्रत्येक शिखराला कुणा ना कुणा साहेबाचं नाव होतं. तिच्याकडे त्याच शिखरांची दुसरी नावं होती, आणि कुठल्या शिखराखाली तिच्या आज्याचे घोडे चरायचे हेही तिला माहीत होतं. "सरकारने इथे पार्क केलं तेव्हा माझ्या आज्याला सांगितलं, डोंगर आता सगळ्यांचे झाले," ती म्हणाली, "म्हणून तुम्ही निघा." आणि हसली. ते हसणं मला ओळखीचं वाटलं. आजोबा असंच हसायचे.

तिच्या घरामागे ताडपत्रीच्या आडोशाला लाकडी चौकटीत मूसचं कातडं ताणलेलं असायचं. मूस म्हणजे आपल्या बैलाहून थोराड असं इथलं सांबर. त्याच्याच पायाच्या हाडाच्या हत्याराने ती ते तासन्‌तास खरवडायची, मग त्याच जनावराच्या मेंदूच्या पाण्यात भिजवून मऊ करायची आणि कुजक्या लाकडाच्या धुरावर धरायची. धुरावरून उतरलेलं कातडं गुळाच्या रंगाचं होई. त्यावर ती मण्यांनी डोंगरउतारावरचे रानगुलाब भरायची. ते बघायला शहरातून माणसं येत, तिला हात जोडत. मी मात्र प्रत्येक वेळी वाऱ्याच्या उलट्या बाजूला उभी राहायचे. "ये की जवळ," ती म्हणायची, "मेलेलं आहे ते, चावत नाही." मेलेलं आहे हेच तर माझं दुखणं होतं, पण हे तिला कोण सांगणार?

शेवटच्या दिवशी तिने कापडात गुंडाळलेला एक जोड माझ्यापुढे धरला. कातड्याचे मऊ जोडे, मोकॅसिन म्हणतात, आणि वर तेच गुलाबी गुलाब. "तुझ्या त्या नायलॉनच्या बुटांत काही राम नाही. सारखी पाय आपटत असतेस," ती म्हणाली. माझ्या पायाचं माप तिने बर्फातल्या ठशावरून घेतलं होतं. आणि मी हात मागे घेतले, आप्पा. म्हणाले, सरकारी नोकर आहे, गिफ्ट घेता येत नाही, आमचा रूल आहे. असा रूल आहेही, पण बाकीच्यांनी तिच्याकडून मुरंब्याच्या बरण्या नेल्या होत्या आणि कुणी काही म्हटलं नव्हतं. तिने जोडावरच्या गुलाबांवरून अंगठा फिरवला. मग म्हणाली, "मी सात वर्षांची होते. आम्हा पोरांना घरातून उचलून सरकारी बोर्डिंग शाळेत नेलं, त्या दिवशी माझ्या पायातले आईने केलेले असेच जोडे काढले आणि भट्टीत टाकले. पुन्हा करायला शिकले तेव्हा मला नातवंडं होती." तिने जोड परत गुंडाळला. "रूल असेल तर असू दे. मला रूल माहीत आहेत." त्या क्षणी मला आपली चूल दिसली, तो वाससुद्धा आला. तरी मी हात पुढे केला नाही. याची मला लाज वाटते.

या वर्षी त्याच रस्त्याच्या कामासाठी पुन्हा गेले, तर ग्रॅनीला जाऊन वर्ष झालं होतं. दार तिच्या भाचीने उघडलं, माझ्याच वयाची बाई. चहा देताना तिने सांगितलं की त्यांच्यात गेलेल्या माणसाला नव्या मोकॅसिनमध्ये पाठवतात, लांब चालायचं असतं म्हणून. "घरात नवा जोड एकच निघाला. कुणा गव्हर्नमेंटच्या बाईसाठी केला होता, तिने घेतला नाही. मावशीला फार मोठे होत होते. पुढे कापूस भरला आणि घातले." मी म्हणाले, "ती बाई मी." तिने माझ्या पायांकडे पाहिलं, मग माझ्याकडे. रागावली नाही, एवढंच म्हणाली की मावशीचं एक कातडं अर्धं राहिलंय, एकटीने होत नाही, शनिवारी येशील?

आज तो शनिवार होता. खरवडता खरवडता मी तिला आजोबांचं सगळं सांगितलं. आपल्या माणसांखेरीज कुणाला सांगायची ही पहिलीच वेळ. ती म्हणाली, "म्हणजे तुला येतच असेल हे काम." मी म्हणाले, "नाही, मला कुणी करू दिलं नाही." ती म्हणाली, "आम्हालाही." पण ते एकसारखं नाही, हे मला कळतं. त्यांच्या हातातून हे काम हिसकावून घेतलं, आणि आपल्या गळ्यात ते बळजबरीने बांधलं होतं. तुम्ही ते तोडून टाकलंत म्हणून मी आज इंजिनिअर आहे. तुमचं चुकलं असं मी म्हणत नाही. फक्त त्या तोडण्यात आजोबाही तुटले, एवढंच.

घरी आले तर लेक नाक मुरडून म्हणाली, "आई, यू स्मेल लाइक अ कॅम्पफायर." मी तशीच बेसमेंटमध्ये गेले आणि तो खोका काढला. मी इथे यायला निघाले त्याच्या आदल्या दिवशी तुम्ही दिलेले बूट, खऱ्या चामड्याचे, आत लोकर. माझी जुनी चप्पल वर्तमानपत्रावर ठेवून तुम्ही पेन्सिलीने माप काढलं होतंत आणि ते घेऊन मिरजेला गेला होतात. दुकानदार म्हणाला असणार, त्या थंडीत रबर तडकतं. तुम्ही, तुम्ही आप्पा, दुकानात उभं राहून चामडं अंगठ्याने दाबून पाहिलं असणार. "थंडीला आपले नियम कळत नाहीत. घाल," तुम्ही म्हणालात. आणि मी मनात म्हणाले, आजोबांची हलगी जाळलीत आणि मला बूट?

म्हणजे मी तुमचा नियम पाळत नव्हतेच. नियम तुम्ही स्वतः मोडून माझ्या हातात दिला होता. मी रुसले होते, आणि त्या रुसव्याला इतकी वर्षं तुमचं नाव दिलं. ग्रॅनीपुढेसुद्धा.

बुटांच्या पुढच्या टोकांत तुम्ही कोंबलेले वर्तमानपत्राचे बोळे तसेच होते. ते काढून आज पहिल्यांदा बूट घातले. एक बोट मोठे आहेत. जाड मोज्यांना जागा ठेवली होतीत तुम्ही. हे पत्र आता त्यातच ठेवते, दुसरं कुठे टाकणार. फोन कार्ड संपत आलं की तुम्ही घाईने एकच विचारायचा, बूट घालतेस ना, पाय गार नाहीत ना पडत? आणि मी म्हणायचे, नाही आप्पा, छान ऊब आहे.

पाय गार पडायचे, आप्पा.