चावी ह्यांच्याच हातात

मंगळवार, संध्याकाळ. कुन्नूर.

आजही आमच्या बाईक टूरच्या गाईडनं मोटारसायकलची चावी ह्यांच्या हातात दिली. ह्यांना साधी स्कूटीसुद्धा येत न्हाई! लातूरहून निघताना सासूबाईंनी हळदकुंकू लावलं ते माझ्या हेल्मेटला. अख्खा घाट मी चालवला, हे मागं डोळे मिटून "हळू, हळू" करत. वर इंग्रजांच्या जुन्या चर्चपाशी थांबलो, तर आधीच पुढं पोचलेला गाईड ह्यांना म्हणतो, "सर, काय मस्त चालवली गाडी!"

आणि हे म्हणाले, "थँक्यू."

गाईडचं सोडा, तो परका. पण "बायकोनं चालवली" एवढं ह्यांच्या तोंडून निघू नये? लई राग आलाय.

उद्या चावी मागणारच न्हाई. सगळ्यांच्या आधी जाऊन मागच्या सीटवर बसते. चालवा म्हणावं. सगळा उतारच हाय.